‘जैसे थे’ हुकमातली दुधाची टाकी

मित्रांनो, दूध गार ठेवणं हे माझं काम, पण हल्ली माझंच डोकं तापलेलं असतं. मी शिंदखेडा तालुक्यातल्या एका गावची जुनी दुधाची टाकी आहे. स्टीलची, विजेवर चालणारी, आणि स्पष्टच सांगते, पार वैतागलेली.

एका डेअरी कंपनीने मला प्रेमराजभाऊंच्या शेडमध्ये आणून बसवलं. करार साधा होता. भाऊंनी गावचं दूध गोळा करायचं, मी ते गार ठेवायचं आणि कंपनीच्या गाडीने रोज न्यायचं. काय दिवस होते ते! सकाळ-संध्याकाळ बायाबापड्यांची रांग लागायची. ताईबाई अक्का आपल्या एकुलत्या एका म्हशीचं दूध आणायच्या आणि माझ्या अंगावर हात ठेवून विचारायच्या, "गार शे ना माय?" भाऊंची बायको कोकिळावहिनी मला अशा घासायच्या, की अंगात तोंड दिसावं. कौतुक कुणाला नको असतं?

मग आली आखाजी, म्हणजे अक्षय्य तृतीया. आमच्या खान्देशात त्या दिवशी लेकी माहेरी आलेल्या असतात, पितरांसाठी घागर भरलेली असते. घरचं दूध घरच्याच ताटात जातं. डेअरीवर थेंब येत नाही. भाऊंनी दरवर्षीप्रमाणे आदल्या दिवशी गाडीवाल्याला तोंडी सांगितलं, "उद्या आखाजी शे, गाडी आनू नको."

आता आखाजी आहे हे कुणी लिहून कळवतं का? आधीचे साहेब तर त्या दिवशी भाऊंकडेच जेवायला यायचे! पण यंदाचे साहेब नवे, बाहेरचे. त्यांनी ठरवूनच टाकलं की भाऊंनी दूध दुसऱ्याला विकलं. न कळवता पुरवठा थांबवला म्हणून करार रद्द! शेडला कंपनीचं कुलूप लागलं आणि मला उचलून न्यायची तयारी सुरू झाली.

भाऊंनी धुळ्याचं कोर्ट गाठलं. मागणं एवढंच होतं, की निकाल लागेपर्यंत हे दूध केंद्र चालू द्या, नाहीतर गावातली जनावरं विकली जातील. कंपनीचे वकील म्हणाले, दूध विकलं नाही याला पुरावा काय? अहो, लेकी-जावयांनी खाल्लेल्या खिरीचा पुरावा कुठून आणायचा? शेवटी कोर्टाने हुकूम दिला, ‘जैसे थे’. म्हणजे कंपनीने मला न्यायचं नाही आणि कुलूपही निघायचं नाही. वा रे वा! मी आपली तिथेच, कोरडीठाक, अंगावर धूळ आणि पाली.

भाऊ धुळ्याहून आले की शेडच्या ओट्यावर बसायचे. वहिनी विचारायच्या, "आज तरी काही व्हयनं का?"

"तारीख."

कधी उन्हाळ्याची सुट्टी, कधी कंपनीच्या वकिलांना म्हणणं मांडायला मुदत, कधी न्यायाधीशांची बदली, मग दिवाळीची सुट्टी. ऐकून ऐकून माझे कान किटले. इकडे दोंडाईच्याचा एक दूधवाला मनात आलं तर यायचा, आणि तो येईपर्यंत दूध नासायचं. लोक ते रस्त्याकडेला ओतून द्यायचे. त्याचा आंबूस वास दाराच्या फटीतून आत यायचा आणि मला रडू फुटायचं.

अखेर थंडीत हुकूम झाला. केंद्र सुरू करा! कुलूप निघालं. वहिनींनी मला घासलं, कुंकू लावलं. भाऊंनी बटण दाबलं आणि मी आनंदाने घरघरू लागले. गावभर सांगावा गेला. पण दोन-तीन किटल्यांपुढे दूध येईना. ताईबाई अक्का आल्या त्या रिकाम्या हातानेच.

"अक्का, दूध कोठे शे?" भाऊंनी विचारलं.

"म्हैस इकी टाकी रे भाऊ. तुन्या तारखा चालन्यात, पन तिले रोज चारा लागे ना."

त्यांनी माझ्या अंगावर हात ठेवला. मी गार होते. त्यांनी हात काढून घेतला आणि त्या घराकडे वळल्या.

मित्रांनो, तुमच्यातलं कुणी उद्या वकील होईल, कुणी कंपनीत साहेब, कुणी न्यायाधीश. खुशाल व्हा. पण पुढची तारीख मागताना किंवा देताना एकदा विचारा, की तोवर गोठ्यात कोण उपाशी राहणार आहे.