थंडीपुरतं सोडलेलं घर

मित्रांनो, मी एक जुनं, दोन खोल्यांचं घर आहे. माझ्यात राहणाऱ्या वाल्बुर्गाबाई बाहेर पडल्या, तर त्यांच्या मुलाला, गोटहार्टला, काय मिळणार होतं ते आधी ऐका. आईला रोज द्यायचं दूध वाचणार, अंडी वाचणार, हिवाळ्याची फोडलेली लाकडं वाचणार. शिवाय उन्हाळ्यात व्हिएन्नाचे पाहुणे माझ्यात भाड्याने राहणार.

आमच्या ऑस्ट्रियातल्या खेड्यात आईबाप शेत मुलाच्या हवाली करतात, आपलं दूधलाकूड कागदावर लिहून घेतात आणि थोरल्या घरातून अंगणापलीकडच्या धाकट्या घरात येतात. मला त्यासाठीच बांधलं. चार पिढ्यांचं म्हातारपण मी उबेत सांभाळलं. शेजारणी विणकाम घेऊन मुद्दाम माझ्या शेगडीपाशी येऊन बसत.

बाईंच्या कागदात एक ओळ गोटहार्टने घालायला लावली होती: सलग सहा महिने घराबाहेर राहिलं, तर हक्क संपला. बाईंचा नवरा हसला. मेल्याशिवाय आपण कुठे जातोय, म्हणाला आणि सही करून मोकळा झाला.

तो वारला त्या ऑक्टोबरात गोटहार्ट माझ्या छपरावर चढला. त्याने धुराड्यात तागाचं पोतं कोंबलं. संध्याकाळी शेगडी पेटली आणि बाई खोकत, डोळे पुसत अंगणात आल्या.

"आई, हे घर आता म्हातारं झालं," तो म्हणाला. "थंडीपुरती आमच्याकडे चल. मे महिन्यात दुरुस्त करून देतो."

"घर म्हातारं झालं, की मी?" बाई म्हणाल्या. "बरं, येते. पण तुझ्या बायकोला सांग, मी तिच्या पातेल्यांत डोकावणार नाही."

बाईंची खुर्ची त्याने स्वतः उचलून नेली. एवढ्या वर्षांत मी एकदाही धूर कोंडला नव्हता. तरी ठपका माझ्यावर आला आणि मला तोंड नव्हतं.

मे महिन्यात धुराडं मोकळं झालं. बाई उशी काखेत घेऊन आल्या, तर दाराला नवं कुलूप. गोटहार्टने ती ओळ वाचून दाखवली.

"अरे, सहा महिने मी तुझ्याच टेबलाशी जेवत होते ना?"

"म्हणून तर नीट मोजता आले."

बाई उशी घेऊन परत फिरल्या. आता दूध त्यांना सुनेकडे मागावं लागतं.

मित्रांनो, छपराची डागडुजी करता, तशी आतल्या माणसाचीही राखण करा. गोटहार्टला भाडं मिळालं, पाहुण्यांना ऊब, मला नवा रंग. दिलं ते एकट्या बाईंनी: आधी शेत, मग मी.