पुन्हा मोजणी

"पुन्हा मोजणी! भिंत काय तान्हं बाळ आहे, दर तारखेला वाढायला?"

लाकडी पडद्यापलीकडून स्टेनोबाईंचं हे पुटपुटणं न्यायाधीशांनी नीट ऐकलं आणि न ऐकल्यासारखा चेहरा करून चहा संपवला.

भिंत शेजाऱ्याने घातली होती, शिवणकाम करणाऱ्या एका बाईच्या दारासमोर, ऐन वाटेत. न्यायाधीशांनी बाईचा दावा फेटाळला. ती वर गेली. वाट तिची, भिंत पाडा, असा वरच्या कोर्टाने निकाल दिला. आता इथे उरलं होतं ते फक्त पाडण्याचा हुकूम काढणं, आणि न्यायाधीश दर तारखेला मोजणीच मागवत होते.

त्या निकालाखाली सही त्यांच्या जुन्या मित्राची होती. वकिलीच्या उमेदवारीत दोघे एका खोलीत राहिले, एकच काळा कोट आळीपाळीने घातला. कोट न्यायाधीशांना बेतून शिवल्यासारखा बसायचा, मित्राच्या अंगावर लोंबायचा. तरी लोकांच्या लक्षात राहायचा तो मित्रच.

निकाल त्यांनी पुन्हापुन्हा वाचला होता, चूक काढायला. चूक मिळाली नाही. मिळालं एक वाक्य : 'खालच्या न्यायालयाची अडचण समजण्यासारखी आहे.' चार शब्द सुनावले असते तर परवडलं असतं. हा समजूतदारपणा मात्र घशाखाली उतरेना.

कोर्टात बाईची वकील उभी राहिली. तरणी पोर, पण आवाज खणखणीत. "साहेब, वरचा निकाल आपल्यावर बंधनकारक आहे. म्हणून आधी विनंती आपल्यालाच, आज हुकूम द्या. नाही दिलात तर पुन्हा वर जावं लागेल. आपला आदेश रद्द करून मागेन, प्रकरण दुसऱ्या कोर्टाकडे वर्ग करा म्हणेन. अवमानाचा अर्जही करता येतो. ती वेळ आणू नका."

"धमकी देताय?"

"नाही साहेब. काय काय करता येतं ते सांगतेय."

मागून शिवणवाल्या बाईच उठल्या. "माझ्या मालकांची चाकाची खुर्ची दारातून वळत नाही हो. दवाखान्यात न्यायचं तर चौघं मिळून खिडकीतून काढतात, गादीसकट. ते म्हणतात, आता मेल्यावरच काढ, तेव्हा मी ओरडणार नाही."

कोणी हसलं नाही. न्यायाधीश उठून चेंबरमध्ये आले. स्टेनोबाई टाइपरायटरपुढे बसल्या.

"घ्या. वरिष्ठ न्यायालयाच्या निकालाचा पूर्ण आदर राखून, वाटेची नेमकी रुंदी ठरवण्यासाठी नव्याने मोजणी..."

रुंदी निकालातच लिहिलेली होती. दोघांनाही ते ठाऊक होतं. टकटक ऐकू आली नाही.

"काय झालं, बाई?"

बाईंनी चष्मा काढला, पदराने पुसला, परत चढवला. दोन्ही मित्र नवखे होते तेव्हापासून त्या या इमारतीत टाइप करत होत्या.

"वरच्या साहेबांची स्टेनो माझ्या मागून नोकरीला लागली. मार्जिन कसं सोडायचं ते मीच शिकवलं तिला. आता तिच्या खोलीत गालिचा आहे म्हणे, अन् फोन उचलायला वेगळा माणूस."

"त्याचं इथे काय?"

"सुट्टीत भेटली की मी तिच्या स्पेलिंगच्या चुका काढत बसते, साहेब. हेवा वाटतो मला तिचा." त्यांनी हात मांडीवर ठेवले. "तुम्हांला त्यांचा वाटतो. भिंतीचा यात काहीएक संबंध नाही."