पोस्टमनचं संगीत

वेंडेलिन ह्रोनेत्स नट झाला, तो दुसऱ्या एका नटाचा पाय मोडला म्हणून. स्लोव्हाकियाच्या ओरावा भागातल्या एका खेड्यात चित्रीकरण चालू होतं आणि तो तिथे चित्रपटाचा संगीतकार म्हणून गावच्या बँडची तयारी करून घ्यायला गेला होता. पोस्टमनचं काम करणारा नट गवताच्या माळ्यावरून पडला. दिग्दर्शकाने इकडेतिकडे पाहिलं आणि लांब नाकाच्या, किंचित वाकलेल्या वेंडेलिनच्या डोक्यावर टोपी चढवली.

"बोलायचं काही नाही. पत्र दे, पाणी पी, चालता हो."

त्याने पत्र दिलं, तो पाणी प्याला आणि जाताजाता दारातल्या कुत्र्याला टोपी काढून नमस्कार केला. तेवढ्यावर लोक खूश झाले. पुढे त्या पोस्टमनचे आणखी तीन चित्रपट निघाले. ब्रातिस्लाव्हाच्या ट्राममध्ये बायका त्याला विचारायच्या, "काय हो, आमच्या लेकीचं पत्र कुठं पाडलंत?" या माणसाने एकवीस चित्रपटांना संगीत दिलंय, हे त्यांच्या गावीही नव्हतं. त्यालाही ते सांगावंसं वाटलं नाही.

अडुसष्टच्या ऑगस्टात रशियाचे रणगाडे देशात आले. दोन वर्षांनी स्टुडिओतल्या सगळ्यांपुढे एक कागद फिरला. मित्रदेशांचं सैन्य आपल्या मदतीला आलं, हे मान्य असल्याची सही हवी होती. वेंडेलिनने कागद वाचून परत सरकवला.

"ते आले तेव्हा मी खिडकीतच होतो. कुणी मदत मागितलेली मला ऐकू आली नाही."

संगीतकारांच्या यादीतून त्याचं नाव गेलं. नटांच्या यादीत मात्र राहिलं, कारण पोस्टमन लोकांना हवा होता.

मग त्याच दिग्दर्शकाने तोड काढली. संगीत वेंडेलिनने लिहायचं आणि आल्बिन स्काल्का नावाच्या तरुण संगीतकाराने ते आपल्या अक्षरात उतरवून आपल्या नावावर द्यायचं. "घरीसुद्धा बोलू नकोस," दिग्दर्शकाने बजावलं. वेंडेलिनची बायको मार्गिता स्टुडिओच्याच वाद्यवृंदात व्हियोला, म्हणजे व्हायोलिनची जाड्या आवाजाची आणि बहुधा मागेच राहणारी थोरली बहीण, वाजवायची. तिला तो मासे धरायला जातो म्हणून सांगायचा, दिग्दर्शकाच्या झोपडीत बसून लिहायचा आणि येताना दुकानातून मासा घेऊन यायचा.

पहिल्या ध्वनिमुद्रणाच्या दिवशी मार्गिता दुपारी घरी आली. तो पाव कापत होता.

"आज आल्बिनचं वाजवलं," ती म्हणाली.

"बरं आहे?"

"मुख्य धून व्हियोलांना. व्हायोलिनवाले मागे नुसत्या तारा छेडताहेत. साऱ्या देशात असं लिहिणारा येडा एकच, आणि त्याची बायको व्हियोला वाजवते."

त्याने सुरी खाली ठेवली. "आणखी कुणाला कळलं?"

"सगळ्यांना. ओबोवाल्या म्हाताऱ्याने मला डोळा मारला."

"मग आता?"

"आता काय? कुणी बोलणार नाही. पण वेंडो, चाळीस माणसांना कळलं आणि मला तू सांगितलं नाहीस. वर ते मासे! मी साफ करत बसायची ते!"

आठवडाभर ती त्याच्याशी कामापुरतंच बोलली. त्या चाळीस जणांनी मात्र तोंडाला जे कुलूप लावलं, ते अठरा वर्षं आणि नऊ चित्रपट निघालं नाही.

एकोणनव्वदमध्ये कम्युनिस्ट सरकार गेलं. पुढच्या उन्हाळ्यात स्टुडिओने त्या नऊ चित्रपटांची यादी पाठवली: तुमचं नाव कुठे कुठे घालायचं, तिथे खूण करा. वेंडेलिनने सात ठिकाणी केली.

तीन दिवसांनी आल्बिन दारात उभा राहिला. आता त्याचेही केस पांढरे झाले होते. चेहरा लालबुंद.

"मला भीक नको, मास्तर. नऊच्या नऊ तुमचे आहेत."

"आत तरी ये."

"दोन कशाला सोडलेत?"

"त्या दोन्हींचे शेवट तू मला न विचारता बदललेस. मी चित्रपटगृहात ऐकले. इतका संतापलो होतो की तुला जाब विचारायला अर्ध्या वाटेपर्यंत आलो होतो."

"मग आला का नाहीत?"

"तुझे शेवट माझ्यापेक्षा चांगले होते. म्हणून तर संतापलो."

आल्बिन खुर्चीत बसला. मार्गिताने त्याच्यापुढे कोबीचं सूप ठेवलं. त्याने अर्धी वाटी संपवली.

"दोन्ही चांगले?" त्याने विचारलं.

"दुसरा जरा घाईत उरकलास."

"घाईत? दिग्दर्शकाने तिथे दृश्यच कापलं होतं!"

"दाखव बरं," वेंडेलिन म्हणाला, आणि पियानोवरची वर्तमानपत्रं उचलू लागला.