नाव पिराचं, तोंड माजं

आमच्या दस्तगीरला पोरगी मिळत नव्हती, आन् त्येचं खापर समदी माज्या डोक्यावर फोडत हुती. आता मला सांगा, शेतात राबणाऱ्या पोराला आज कुटं पोरगी मिळती? समद्यांस्नी पुण्यातला नोकरीवाला पायजे. आमच्या पोरात काय कमी हुतं? टेंभूच्या कालव्याचं पाणी आल्यावर त्येनं सोता डाळिंबाची बाग उभी केली. दिसायला उमदा, तंबाखूला शिवत न्हाई, आईबापाला उलटून बोलत न्हाई. तरी पाहुणं यायचं, चहा प्यायचं, पोराचं नाव इचारायचं आन् चपला पायात घालायचं. आमी धनगर, आन् पोराचं नाव दस्तगीर.

ते नाव मी ठेवलेलं. मी म्हंजे बनाबाई, त्येची आत्ती. त्येचा बा ज्योतिबा माजा धाकटा भाऊ. माजं सासर बी आटपाडीतच, भावाच्या घरापास्नं दोन गल्ल्या सोडून. त्यामुळं तितं भांडण लागलं की मला हितं ऐकू येतंय, आन् मी कुणी न बोलावता जाते. आमचं मालक म्हणत्यात, तुला बोलवायला लागतंय व्हय? न्हाई लागत.

गेल्या माघात वडूजचं स्थळ आलं. पोरीचं नाव अपेक्षा. शिकलेली, औषधाच्या दुकानात कामाला. बाप नानासो, दूध डेरीवर हाय. आमी जीप करून गेलो. पोहे झाले, चहा झाला. पोरीनं आमच्या पोराला इचारलं, "डाळिंबावर तेल्या रोग पडला तर काय करता?" आमचं येडं अर्धा तास फवारणीवर बोललं. मी मनात म्हणलं, गेलं हे बी स्थळ. पर पोरगी गालात हसत हुती, तवाच मी वळखलं, हिला पसंत हाय.

मग नानासोंनी घसा साफ केला. "आवं ज्योतिबा, पोरगा पसंत हाय. झाकून कशाला ठेवू? पर नावाचं कसं करायचं? मी पत्रिका वाटायला जाणार. पाहुणं इचारणार, नानासो, जावाय कोण केलास रं? आपल्यातलाच हाय म्हणून किती जणांस्नी सांगत बसू? दिवस कसलं हायती, तुमी बघताय."

माणूस वाईट नव्हता. बोलताना त्येची नजर खाली हुती. पर मला राग यायचा तो आलाच. मी तोंड उघडणार, तेवढ्यात आमचं पोरगंच बोललं, "दत्ता म्हणा की. पत्रिकेत दत्तात्रय छापा. मला काय फरक पडत न्हाई."

माज्याकडं न बघता बोललं. चहाचा कप माज्या हातात तसाच ऱ्हायला.

परतीच्या वाटंला जीपमधी मी कुणाशी बोलले न्हाई. पोरगं म्हणालं, "आत्ती, बोल की." मी खिडकीतनं भाईर बघत बसले. घरी आल्यावर मग तोंड सोडलं. ज्योतिबाला सोडला न्हाई, भावजयीला सोडलं न्हाई. माज्या तोंडात 'मुडद्या' ही शिवी कायम. नवऱ्याला दिली, भावाला दिली, रस्त्यावरच्या कुत्र्याला दिली. दस्तगीरला मातूर जन्मात कवा दिली न्हाई. त्या दिवशी बी जिभंवर आली आन् मी गिळली. का गिळली ते सांगते.

आमच्यात बारशाला पोराच्या कानात नाव सांगायचा मान आत्तीचा. पाळण्यावर वाकायचं, कानात कुर्र करायचं आन् नाव सांगायचं. तवर माघनं बाया आत्तीच्या पाठीत धपाधप धपाटं घालत्यात. लय मजा असती. ज्योतिबाला पैलं पोरगं झालं तवा मी आजोबाचं नाव सांगितलं. पाठ लाल हुईपरतूर मार खाल्ला, हासत हासत. पोरगं पावसाळ्यात गेलं. दुसरं झालं, त्येला बी मीच नाव सांगितलं, कुळदैवताचं. ते तर दात यायच्या आदीच गेलं.

मग बाया कुजबुजाय लागल्या. "बनीच्या तोंडाला यश न्हाई. ती नाव घेती आन् पोर जातंय." मला कुणी तोंडावर म्हणलं न्हाई, पर कुणाच्या बारशाला बोलावणं बी येईना. माजी भावजय सुला, दस्तगीरची आई, तिनं कवा असा शबुद काढला न्हाई. पर आख्खं गाव कुजबुजाय लागल्यावर माणूस सोतालाच तसं समजाय लागतंय. मला बी वाटाय लागलं, आसंल. माज्या तोंडातच काय तरी आसंल.

तिसऱ्या टायमाला सुलाचं दिवस भरत आलेलं, आन् आमी मेंढरं घिऊन कृष्णाकाठाला. तवा दिवाळी झाली की समदं बिऱ्हाड घोड्यावर टाकून तिकडं जायचो, खतासाठी कुणाच्या रानात मेंढरं बसवायची, बदल्यात धान्य घ्यायचं. माजं मालक बी त्या साली ज्योतिबाच्या संगतीनं आलेलं, म्हणून मी बी हुते. मिरजंच्या अलीकडं एका पिराच्या रानात आमी उतरलो, आन् भर दुपारी सुलाच्या पोटात दुखाय लागलं. गडी मेंढरामागं. मी एकटी. मी सुलाच्या जवळ जायला बी भ्यायले. तवा तितल्या दर्ग्याची दिवाबत्ती बघणाऱ्या मुजावराची बायको पळत आली. जैनबी तिचं नाव. तिनं सुलाचा हात धरला तो पोरगं भाईर येईपरतूर सोडला न्हाई. सुलानं दातव्हट खाऊन तिच्या हातावर नखांचं वळ उठवलं, तरी सोडला न्हाई.

पाचव्या दिवशी जैनबीच म्हणाली, "नाव ठेवा की पोराचं. आत्ती कुठाय?" मी म्हणलं, "मी न्हाई घेणार. माज्या तोंडाला यश न्हाई." रडत समदं सांगितलं तिला. बाई म्हणाली, "तुज्या घरातलं नाव नको आसंल तर आमच्या पिराचं घे. नाव पिराचं, तोंड तुजं. मग बघू कोण नेतंय त्येला."

झोळीवर वाकले. कानात कुर्र केलं आन् सांगितलं, दस्तगीर. पाठीत धपाटा घालायला दुसरी कोण नव्हती. जैनबीनंच एक घातला, आसा की मी झोळीवर पडता पडता वाचले.

पोरगं जगलं. त्येच्यामागं बहीण झाली, ती बी जगली. माज्या तोंडावरचा डाग त्या पोरानं पुसला. म्हणून त्येला मी मुडदा म्हणत न्हाई. आन् म्हणूनच, दत्ता छापा म्हणल्यावर मला राग आला, त्येच्या खाली भ्या हुतं. नाव काढलं आन् पोराला काय झालं म्हंजे? हे येडेपणाचं हाय, मला कळतंय. रोज टीव्ही बघते मी, अडाणी न्हाई. पर भ्याला कोण शाळंत घालणार?

आन् सांगायचं कुणाला? सांगितलं तर सुला घाबरणार, लगीन मोडणार, पोरगं जन्मभर बिनलग्नाचं ऱ्हाणार. न्हाई सांगितलं तर मीच झुरणार. मी न्हाई सांगितलं. पत्रिका छापून आली. चि. दत्तात्रय. मी ती पत्रिका फळीवर पालथी ठिवली.

लग्नाच्या आदल्या आठवड्यात फोन आला. "आत्ती, मी अपेक्षा बोलते, वडूजवरनं. ह्यांनी नंबर दिला. तुम्ही ह्यांच्याशी बोलत नाही म्हणे."

"दत्ता नावाच्या कुणाला मी वळखत न्हाई," मी म्हणलं.

पोरगी फोनवर खुदकन हसली. मग म्हणाली, "आत्ती, हे नाव कसं पडलं ते ह्यांना विचारलं. म्हणाले, आत्तीला विचार, तीच सांगंल. सांगा ना."

मी सांगणार नव्हते. पर तिनं 'सांगा ना' आसं म्हणलं, सांगून बसले. दोन्ही पोरं, बायांचं बोलणं, जैनबी, समदं. भ्या वाटतंय ते बी सांगितलं.

"आत्ती, मी मोबाईलवर अर्थ शोधला हुता," ती म्हणाली. तिची बी भाषा आता घरातल्यावाणी झाली हुती. "फारसी नाव हाय, इराणकडचं. दस्त म्हंजे हात. गीर म्हंजे धरणारा. आपण शाळंत कागदाचा दस्ता आणायचो न्हवं, हातात मावणारा गठ्ठा, त्यो बी त्यातलाच. बगदादला एक मोठा अवलिया हुऊन गेला, पडत्याचा हात धरायचा म्हणून त्येचं भक्त त्येला दस्तगीर म्हणायचं. तितनं हे नाव समदीकडं पसरलं. हात धरणारा, आत्ती. एवढाच अर्थ."

जैनबीच्या हातावरचं वळ डोळ्यांम्होरं आलं. इतकी वरसं ते नाव घेते, अर्थ काय म्हणून मला कवा इचारावंसं वाटलं न्हाई. आमची मेंढरं कृष्णाकाठापरतूर जात्यात, आन् हे नाव इराणातनं चालत आलं. कुणाकुणाच्या तोंडातनं आलं आसंल, देव जाणे.

"मग घरात सांगितलं का न्हाई?" तिनं इचारलं.

"सांगून तुजं लगीन मोडू व्हय गं? तुजा बा काय म्हणला ते ऐकलंस न्हवं? हू दे दत्ता. तू सुकात ऱ्हा म्हंजे झालं."

"बरं," म्हणाली, आन् फोन ठिवला. मला वाटलं, झालं. सासरची आत्ती येडी हाय म्हणून मैत्रिणींत सांगत बसंल.

लगीन वडूजला, कार्यालयात. भटजीनं दत्तात्रय म्हणलं, मंगळाष्टकं म्हणणाऱ्या पोरींनी दत्तात्रय म्हणलं, अक्षता पडल्या. मी दस्तगीर मनात म्हणत ऱ्हायले, प्रत्येक अक्षतंला. आमचं मालक म्हणालं, "व्हट का हलवतीयास?" म्हणलं, "गप बसा."

मग नवरा-नवरीची पंगत बसली. घास भरवायची येळ. आजकाल त्येला बी माईक लागतोय. "नाव घे, नाव घे," म्हणून पोरी वरडाय लागल्या. अपेक्षाच्या मावशीनं तिला उखाणा पाठ करून घेतलेला. 'पत्ता'ला 'दत्ता' जुळवलेला, मला आदल्या दिवशीच ऐकवला हुता, आन् मी तोंडावर 'ब्येस हाय' म्हणलं हुतं. नानासो पंगतीच्या कडंला उभं हुतं, वाढप्यांस्नी सांगत.

अपेक्षानं माईक घेतला. पदर सावरला. एकदा बापाकडं बघितलं.

"वडूजची वेस ओलांडताना डोळ्यांत येतं नीर, हात धरून नेणाऱ्याचं नावच दस्तगीर."

वाढप्याच्या हातातला झारा थांबला. मावशी म्हणाली, "आगं, दत्ता ना?" कुणीतरी फिस्सकन हसलं, कुणीतरी त्येला गप केलं. आमचं पोरगं घास हातात घिऊन बसलेलं, ते तसंच. त्येचं डोळं भरलं, आन् चारचौघांत रडायला लागू नये म्हणून त्येनं त्यो घास सोताच्याच तोंडात कोंबला.

समदी नानासोंकडं बघाय लागली. आता हा माणूस काय बोलतोय? नानासोंनी टोपी काढली, डोकं खाजवलं, परत घातली. पंगतीत त्येंचा एक थोरला चुलता बसलेला. त्यो म्हातारा घास चावत म्हणाला, "आरं, माज्या बाचं नाव पिराजी. त्येला कोण काय म्हणलं हुतं रं? वाढा की म्होरं."

नानासो लेकीकडं बघत ऱ्हायलं. मग वाढप्याला म्हणालं, "जिनं नाव घ्यायचं तिनं घेतलं. मी कोण आता? जावायाला आजून एक जिलबी वाढ. दस्तगीररावांस्नी." शेवटचा शबुद जड गेला त्येंला, पर घेतला.

मी तितं बसून ढसाढसा रडले. मला लाज न्हाई वाटली. पोरगं उठून माज्याकडं आलं, म्हणालं, "आत्ती, आता तरी बोलशील का?" मी त्येच्या पाठीत एक धपाटा घातला.

निघताना अपेक्षा पाया पडाय आली. वाकून कानाशी म्हणाली, "आत्ती, गेलं का भ्या?"

खोटं कशाला बोलू? "न्हाई गं," म्हणलं. "पोरगं घराभाईर पडलं की आजून बी वाटतंय. मरंपरतूर वाटणार."

"मला बी कालपास्नं वाटाय लागलंय," ती म्हणाली. "काल हळदीला गाडीवरनं यायला ह्यांस्नी वाईच उशीर झाला, तर माजं हातपाय गार पडलं. आदी आसं कवा हुत नव्हतं."

मी तिला उठवलं, जीपमधी शेजारी जागा करून दिली. म्हणलं, "बस. आजवर एकटी भीत हुते. आता दोघी मिळून भिऊ."