भिंतीवरची समाधानी ग्राहक

आईचं नवंकोरं शिलाई मशीन घरात येऊन अकरा दिवस झाले होते आणि अकराही दिवस ते एकच काम मन लावून करत होतं. चार टाके नीट घालायचे, पाचवा गिळायचा. वरून ढेकर दिल्यासारखा आवाज आणि कापडाखाली दोऱ्याचं घरटं.

शेजारी वसतिगृहाच्या पडद्यांचं कापड छातीइतकं रचून ठेवलेलं. साठ पडदे, शनिवारी द्यायचे, आणि आज होता मंगळवार.

आईनं कारखान्यात अकरा वर्षं फक्त कॉलर शिवल्या होत्या. "शर्टाला बाह्या असतात हे मी विसरत चालले होते," असं ती म्हणायची. शेवटी नोकरी सोडून तिनं हे मशीन घेतलं आणि स्वतःच्या हिमतीवर पडद्यांचं काम मिळवलं. कारखान्याच्या मुकादमबाईंनी मात्र तिची खुर्ची सोमवारपर्यंत राखून ठेवली होती. "येशील गं, सगळ्या येतात परत," असं अगदी मायेनं सांगून. म्हणजे हिशेब सरळ होता. शनिवारी पडदे नाहीत, तर सोमवारी कॉलर.

"परत करू या," भुणभुण म्हणाली.

भुणभुण म्हणजे घरातली धाकटी. एकदा कशाच्या मागे लागली की कानाशी माशी परवडली, म्हणून हे नाव. आणि सध्या तर तिला पंखच फुटले होते. चाचणी परीक्षेत 'ग्राहकाचे हक्क' या प्रश्नाला तिला पाचपैकी पाच मिळाले होते आणि बाजूला बाईंनी लाल शाईत 'उत्कृष्ट' लिहिलं होतं. तेव्हापासून ती घराचा जिनासुद्धा कोर्टाची पायरी असल्यासारखी चढायची.

"बाबा, बिल काढा."

बाबांचा चेहरा उजळला. आयुष्यभर या एका वाक्याची वाट पाहिल्यासारखे ते उठले. कचेरीत ते जुनी कागदपत्रं सांभाळायचे आणि घरी हौसेनं घेतलेल्या लॅमिनेशनच्या यंत्रात हाती लागेल तो कागद घालायचे. दाखले, पावत्या, एकदा तर शेजारच्यांच्या कुत्र्याचं लसीचं कार्ड. त्यांनी फाईल उघडली, मग काहीतरी आठवून जरा अवघडत एक चकचकीत आयत आईच्या हातात ठेवला.

तो काळाकुट्ट होता. कडेपासून कडेपर्यंत.

"अहो, हे काय?"

"बिल," बाबा खाली बघत म्हणाले. "ते दुकानातल्या छोट्या यंत्रातून निघतं ना, तसल्या कागदाचं. गरम लागलं की काळं पडतं. मला यंत्रात घातल्यावर कळलं."

"मग टाकून का नाही दिलंत?"

"फाटणार नाही पण आता. शंभर वर्षं टिकेल."

आईनं कपाळाला हात लावला. वॉरंटी कार्डावर शिक्का मारायला दुकानदार विसरला होता, पैसे रोख दिले होते. तरीही तिघं मशीन खोक्यात घालून दुकानात गेली, कारण भुणभुणच्या मते हक्क हे हक्क असतात.

दुकानात गल्ल्याच्या वर सोनेरी पाटी होती, 'ग्राहक हाच राजा'. तिच्या बरोबर खाली लाल पाटी, 'विकलेला माल परत घेतला जाणार नाही'. राजानं आपली पायरी ओळखून राहावं, अशी ती व्यवस्था होती.

दुकानदार गोड बोलायचा. इतकं गोड, की समोरच्याला आपलंच चुकलं असं वाटावं. "वहिनी, कापड जाड असेल. दोरा हलका असेल. नाहीतर, राग मानू नका, हात जड असेल."

"दादा, अकरा वर्षं शिवतेय मी."

"तेच म्हणतो. सवय कारखान्याच्या मशीनची. नवीन मशीनला जरा प्रेम लागतं."

भुणभुण पुढे झाली आणि तिनं ग्राहकाचे हक्क घडाघडा म्हणून दाखवले. सुरक्षिततेपासून तक्रार निवारणापर्यंत, एकाही स्वल्पविरामाला न अडखळता.

"वा! पाठांतर छान आहे हं बाळाचं," दुकानदार म्हणाला आणि त्यानं तिच्या हातावर एक गोळी ठेवली.

भुणभुणचे कान लाल झाले. पाचपैकी पाच गुणांची किंमत एक लिमलेटची गोळी!

"बरं, बिल?" त्यानं विचारलं.

बाबांनी आयत पुढे केला. दुकानदारानं तो उजेडात धरला, उलटा केला. "साहेब, हे बिल आहे की कोणाच्या फुप्फुसाचा फोटो?"

"तुमच्या कॉम्प्युटरमध्ये असेल ना?"

"तो जुनी बिलं ठेवत नाही हो."

"अकरा दिवस जुनी?"

"धंद्यात अकरा दिवस म्हणजे फार झाले. आणि खरं सांगू का, वहिनींना मी इथं पाहिल्याचं आठवतही नाही."

आईनं खोक्याची दोरी पुन्हा गुंडाळायला घेतली. भुणभुणनं तिचा चेहरा पाहिला. तो शनिवारचा चेहरा नव्हता, सोमवारचा होता. तिला आईकडे बघवेना, म्हणून तिनं भिंतीकडे पाहिलं. आणि भिंतीवर आई होती.

'आमचे समाधानी ग्राहक' या मथळ्याखाली, मिक्सरवाले आजोबा आणि फ्रिजवालं जोडपं यांच्या मधोमध. खरेदीच्या दिवशी बिल दोन मिनिटांत झालं होतं, पण "हसा वहिनी, अजून हसा" करत या फोटोला दुकानदारानं चांगली पंधरा मिनिटं घेतली होती. आई मनापासून हसत होती. शेजारी खोकं, खोक्यावर मशीनचा नंबर, कोपऱ्यात तारीख.

भुणभुणनं लिमलेट तोंडात टाकली, फोन काढला आणि भिंतीचे तीन फोटो घेतले.

"काका, ही कोण?"

दुकानदारानं पाहिलं. त्याचा हात फोटोकडे गेला.

"काढा खुशाल. माझ्याकडे आहे आता. नंबर याच मशीनचा आहे, वाचून दाखवू?"

"अगं, मी कुठं नाही म्हणतोय? दुरुस्तीला पाठवू. तीनेक आठवडे..."

"नको. मशीन पहिल्या दिवसापासून बिघडलेलं आहे, त्याला तुमची लाल पाटी चालत नाही. मी निघायच्या आधीच ग्राहक हेल्पलाइनवरच्या ताईंना फोन करून विचारलंय." तिनं दप्तरातून घरून लिहून आणलेलं पत्र काढलं. "ही लेखी तक्रार. हिच्यावर 'मिळाली' म्हणून सही, शिक्का आणि तारीख द्या. बदलून देत नसाल तर आम्ही ग्राहक आयोगात जातो. तिथं वकील लागत नाही, कागद लागतात. पहिला कागद तुम्हीच भिंतीवर लावलाय."

दाराशी एक बाई नव्या ओव्हनला टेकून फोटोसाठी केस सारखे करत होत्या. त्यांचा हात केसातच थांबला. "काय झालं हो यांचं?"

दुकानदारानं त्यांच्याकडे पाहिलं, पत्राकडे पाहिलं आणि गोदामाकडे तोंड करून ओरडला, "एक नवीन मशीन आण रे!"

"इथंच उघडा," आई म्हणाली. इतक्या वेळात पहिल्यांदाच तिचा आवाज चढला होता.

तिनं पिशवीतून पडद्याचं जाड कापड काढलं, गल्ल्यावरच मशीन मांडलं आणि हातभर शिवण घातली. उलटून पाहिलं. नख फिरवलं. एकही टाका गळला नव्हता. मग तिनं नव्या कार्डावर शिक्का मारून घेतला आणि नवं बिल बाबांचा हात पोचायच्या आत पर्समध्ये टाकलं.

दुकानदार सावरला होता. त्यानं फोन वर धरला. "चला वहिनी, झालं गेलं विसरा. एक नवीन फोटो होऊन जाऊ दे. हसा!"

आईनं खोकं उचललं.

"शनिवारी," ती म्हणाली. "आधी साठ पडदे शिवते, मग हसते."