झील कोण देणार

आमच्या गावात माती गाण्यानं हलते. बाळापूरच्या बाजारात हे सांगितलं की लोक आधी हसतात आणि मग हळूच विचारतात, आमच्या शेतातला खड्डा बुजवून द्याल का? देतो की. पण त्याला एक रीत आहे. एक जण गातो आणि शेजारच्या शेतातला माणूस झील देतो, म्हणजे मागून सूर धरतो. झील जिथून येईल तिथं माती जाऊन बसते. माती शेवटी कुणाच्या तरी पुढ्यात पडणार, तर निदान त्याला विचारलेलं असावं, म्हणून झील शेजाऱ्याची. ही रीत एखाद्या शहाण्या माणसानं घातलेली दिसते. तो आता गावात राहत नसावा.

माझे यजमान माणिकराव आणि दीर हरिचंद भावजी हे सख्खे भाऊ. शेतं लागून, शेतातली घरं समोरासमोर, मधे धुरा, म्हणजे बांध. कुठल्याशा पेरणीला कुणाचा तरी नांगर त्या धुऱ्यात हातभर शिरला, तेव्हापासून दोघांचं बोलणं बंद. पुरुषांचं बंद म्हणून बायकांचंही बंद, असा हुकूम निघाला. जाऊ केशरशी मी बोलायचं नाही आणि तिनं माझ्याशी. आम्ही दोघींनी मुकाट्यानं माना डोलावल्या. माना डोलावणं आम्हाला छान जमतं.

धुऱ्याला लागून आमच्या शेतात एक टेकाड आहे. नुसता मुरूम, वर एक पळस. त्याच्या आडोशाला बसलं तर दोन्ही घरांतून काही दिसत नाही. रोज दुपारी मी गवत आणायला जाते आणि केशर सरपण आणायला. माझ्याइतकी गवताला जाणारी बाई हिंगोली जिल्ह्यात नसेल, आणि माझ्या म्हशीइतकी उपाशी म्हैसही नसेल. तिथं आम्ही भाकरी खातो, केशर तिळाची चटणी आणते, आणि नवऱ्यांबद्दल जे बोलायचं ते पोटभर बोलतो. खरं सांगते, तेवढ्या वेळाच्या जिवावर मी बाकीचा दिवस काढते.

यंदा ह्यांच्या डोक्यात आलं, टेकाड काढायचं आणि तिथं हळद लावायची.

"झील कोण देणार? भावजींना विचारणार तुमी?" मी म्हटलं.

"त्याला काहून विचारू? त्याचा आवाज हाय ना माझ्यापाशी."

आवाज होता, मोबाइलमध्ये. मागं गावच्या रस्त्यातला खड्डा गाऊन बुजवला तेव्हा भावजींनी झील दिली होती आणि ह्यांनी ती भरून घेतली होती. (तोच खड्डा दरवर्षी डांबरानं बुजवणारा गुत्तेदार तेव्हापासून गावावर रुसलेला आहे.) भावाचं तोंड बघायचं नाही, पण आवाज फुकट मिळत असेल तर तो चालतो. वारंगा फाट्याहून लग्नात वाजतो तसला माणसाएवढा बॉक्स आणला. धुऱ्यापर्यंत वायर पुरेना. मग बॉक्स आमच्याच अंगणात, ऐन दारासमोर उभा केला. आवाज भावाचा म्हणजे माती भावाच्याच शेतात जाणार, मग तो कुठूनही वाजो, असं ह्यांचं शास्त्र.

गाणार होत्या माझ्या सासूबाई, गोजरबाई. झील मागची, पण पुढं होऊन म्हणायचं गाणं आता गावात त्यांनाच येतं. त्यांनी बॉक्सकडे पाहिलं, मग लेकाकडे.

"हितंच ठिवायचा व्हय रं?"

"व्हय माय. तू गा."

सासूबाईंनी आपलं बसायचं पोतं उचललं आणि बॉक्सपासून लांब नेलं.

त्या अंगणाच्या कडेला बसून गाऊ लागल्या. हे दारात मोबाइल घेऊन उभे. बॉक्समधून भावजींनी दणदणीत झील दिली आणि टेकाड पळसासकट उठलं. सावकाश शेतातून चालत आलं आणि बॉक्सवर, आमच्या दारासमोर, नीट बसलं. पळस खिडकीत शिरला. मातीच्या आतून भावजी बराच वेळ झील देत होते.

हे घरात कोंडले गेले. शेवटी गोठ्यातून, म्हशीच्या मागच्या भगदाडातून रांगत बाहेर आले.

"माय, तू थांबली काहून न्हाई?"

"झील येऊन राहिली होती. मदीच थांबत नसतेत."

समोर भावजींनी बाज बाहेर काढली आणि निवांत बघत बसले. इतक्या वर्षांत त्यांनी आमच्या घराकडे प्रथमच उघड पाहिलं.

"आता शेजारचंच माणूस लागंल," सासूबाई म्हणाल्या. "केशर बी शेजारचीच हाय."

भावाला विचारणं वेगळं आणि भावजयीला विचारणं वेगळं, असं ह्यांनी स्वतःला पटवलं आणि मला म्हणाले, "जा, बोलाव तिला."

मी भरदिवसा, सगळ्यांच्या देखत, केशरच्या दारात गेले. कालच्याच दुपारी माझ्या हातची भाकरी खाल्लेली ही बाई मोठ्यानं म्हणाली, "कोण पायजे?" मला हसू आवरेना.

केशर आली. "कुठं उभी राहू?"

"वढ्यात," हे म्हणाले.

"वढा माझ्या शेतात हाय, तिथं न्हाई," भावजी बाजेवरून वाऱ्याला म्हणाले.

मी टेकाडाच्या मोकळ्या जागेकडे पाहिलं. तिथून दोन्ही घरं लख्ख दिसत होती. गप्प बसायला हवं होतं, पण नाही बसवलं.

"जिथं होतं तिथंच."

"काहून?" हे म्हणाले.

"तिथं आमी दोघी जेवतो. रोज."

केशरनं पदर तोंडाला लावला. भावजी बाजेवर ताठ बसले.

"मला म्हाईत हाय," सासूबाई म्हणाल्या. "केशरच्या चटणीत लसूण कमी पडतो."

ह्यांनी एकदा माझ्याकडे पाहिलं, एकदा आपल्या बुजलेल्या दाराकडे. मग मान खाली घालून म्हणाले, "जाऊ द्या. तिथंच."

केशर त्या मोकळ्या जागी जाऊन उभी राहिली. तिचा आवाज मधेच चिरकला, तरी टेकाड गेलं. पळस जरा वाकडा बसला, इतकंच.

हळद राहिली. आता दुपारी धुऱ्यानं जाताना हे लांबूनच खोकतात. दोघे भाऊ अजून बोलत नाहीत. परवा सुटलेल्या गोऱ्ह्याच्या मागं भावजी धुऱ्यापर्यंत आले, इकडून हेही पोचले. दोघे आपापल्या पायांकडे बघत उभे राहिले आणि माघारी फिरले. आम्ही आडोशातून पाहत होतो.

"अक्का, त्यांच्यासाठी बी एक टेकाड गाऊन देऊ का?" केशर म्हणाली.

मी तिच्या हातावर भाकरी ठेवली. "आन त्या दोघांत झील कोण देणार?"