प्रेंकच्या घरची कॉफी

माझी बायको द्रांदे गेली, त्यानंतर कितीतरी दिवस घरात माणसं येत होती. पुरुष पुढच्या खोलीत, बायका आतल्या. एक जण, मी खेळत होतो तेव्हा जन्मलाही नसेल, शेजारच्याला हळूच म्हणाला, "बिचारा पाश्क. बायकोपायी देशाबाहेर एक मॅच खेळता आली नाही." त्याला वाटलं मला ऐकू गेलं नाही. माझी बोटं वाकडी झाली आहेत, कान चांगले आहेत. घरी आलेल्या माणसाला उलट बोलायचं नसतं म्हणून मी गप्प राहिलो. पण झालं ते तसं नव्हतं.

मी श्कोदर शहरातल्या फुटबॉल क्लबचा गोलकीपर. लहानपणी गल्लीत सगळ्यांत उंच होतो, म्हणून मला दोन दगडांच्या मध्ये उभं केलं आणि मग तिथून कोणी हलवलंच नाही. कागदोपत्री मी वायरच्या कारखान्यातला कामगार. पगार तिथून मिळायचा, काम मैदानावर. हातमोजे आईने केलेले होते. लोकरीचे, आणि तळव्याला टेबल टेनिसच्या बॅटचं रबर शिवलेलं. पाऊस असला की ते पाणी प्यायचे आणि विटेसारखे जड व्हायचे. तरी मी बरे अडवायचो. राष्ट्रीय संघाच्या सरावाला मला बोलावणं यायला लागलं.

त्याच वर्षी माझ्या वडिलांनी, लाझरने, द्रांदेच्या बापाकडे मध्यस्थ पाठवून साखरपुडा ठरवला. ती तंबाखूच्या कारखान्यात पानं निवडायची. मी तिला लांबूनच पाहिली होती, सायकलवरून जाताना. तिचा एक काका सीमेवरचं तळं पार करून युगोस्लाव्हियात पळून गेला होता. तेव्हापासून त्या घराच्या नावापुढे सरकारदरबारी डाग होता. आमचे शेजारी वडिलांना म्हणाले, विचार कर. वडील म्हणाले, "पळाला तो काका. मुलगी इथेच आहे ना?"

काही महिन्यांनी परदेशातली मॅच ठरली आणि क्रीडा खात्याचा कॉम्रेड जेलोश आमच्या घरी आला. मूळचा तो आमच्याच डोंगरातला, नंतर राजधानीत मोठा झालेला. आईने त्याच्यापुढे कॉफी ठेवली. तेव्हा खरी कॉफी मिळायची नाही. भाजलेल्या जवाच्या पिठात थोडी मिसळलेली असायची, तीही पाहुण्यासाठी जपून ठेवलेली. जेलोशने कपाला हात लावला नाही. हवा कशी आहे, वडिलांच्या दुकानात सायकलींची दुरुस्ती कशी चालली आहे, असं बोलत राहिला.

आमच्याकडे काही मागायला आलेला माणूस कॉफी तशीच ठेवतो. घरचा कर्ता "पी" म्हणाला की मागितलेलं दिलं असा अर्थ होतो. वडिलांना हे मला माहीत आहे त्यापेक्षा जास्त माहीत होतं. पण त्या दिवशी त्यांना आनंदाने काही सुचेना. साहेब घरी आला म्हणजे पोराला परदेशी न्यायलाच, दुसरं काय? त्यांनी मांडीवर थाप मारली.

"अरे जेलोश, किती वेळ बसवतोस? पी, पी! ज्यासाठी आलास ते दिलं!"

जेलोशने लगेच कप उचलला आणि एका दमात रिकामा केला. मग तोंड पुसून म्हणाला, "लाझर, देव तुझं... म्हणजे, पार्टी तुझं भलं करो. साखरपुडा मोड. तसल्या घरात सोयरीक असलेल्या माणसाला मी विमानात बसवू शकत नाही."

वडिलांचा चेहरा कसा झाला ते मला अजून दिसतं. शब्द गेला होता. आईने रिकामा कप उचलून आत नेला.

दुसऱ्या दिवशी मध्यस्थ द्रांदेच्या घरून अंगठी परत घेऊन आला. रात्रीपर्यंत सगळ्या गल्लीला कळलं. कोणी मला दोष दिला नाही. एकाने तर 'येताना माझ्यासाठी परदेशी ब्लेडची पाकिटं आण' असंही सांगून ठेवलं. मला मात्र एकच गोष्ट दिसत होती. डाग असलेल्या घरातली मुलगी, त्यात साखरपुडा मोडलेली. श्कोदरमध्ये तिला आता कोण करणार होतं?

सराव संपवून मी सायकल काढली आणि सरळ तिच्या बापाच्या, प्रेंकच्या, घरी गेलो. मध्यस्थ नाही, थोरलं माणूस नाही. असं कोणी जात नाही. प्रेंक वीटभट्टीवर कामाला होता, मान बैलासारखी. त्याने दार उघडलं आणि मला खालून वर पाहिलं.

"या गोलकीपर! हातात आलेला चेंडू सोडून देतात ते तुम्हीच ना?"

तरी आत घेतलं. दारात आलेल्याला परत पाठवत नाहीत. द्रांदेच्या आईने कॉफी आणून ठेवली. मी हात लावला नाही. प्रेंकने ते पाहिलं आणि मुद्दाम दुसरीकडे बोलायला लागला. तळ्यातले मासे कमी झाले. भट्टीचा लाकूडफाटा ओला येतो. आपल्या क्लबचा डावा बॅक म्हणजे म्हातारी गाय आहे.

"ते खरं आहे," मी म्हणालो.

तो हसणार होता, पण त्याने स्वतःला आवरलं. कॉफीची वाफ थांबली. शेवटी त्याचा धीर सुटला.

"काय मागायला आलास?"

"तुमची मुलगी."

"तुझ्या बापाने परत केली."

"त्यांनी केली. मी नाही केली."

"वा! एका घरात दोन कर्ते!" तो पुढे वाकला. आवाज खाली आणला, कारण भिंती पातळ होत्या. "पोरा, ऐक. तुझं काय जाईल? एक विमान. तो जेलोश चिडला तर मला, हिला, सगळ्यांना ट्रकमध्ये घालून कुठल्यातरी दलदलीत नेऊन टाकतील. तू इथे मॅच खेळत राहशील, आम्ही तिथे कालवे खणू. घरी जा."

त्याचं चुकीचं नव्हतं. तरी मी उठलो नाही. मागितलेलं मिळेपर्यंत किंवा हाकलेपर्यंत उठायचं नसतं.

तेव्हा आतलं दार उघडलं आणि द्रांदे आली. नवऱ्या मुलासमोर, तेही मोडलेल्या साखरपुड्याच्या, मुलगी येत नाही. तिच्या हातांना तंबाखूचा पिवळेपणा होता.

"बाबा, त्याला पी म्हणा. नाहीतर मी म्हणते."

"तुला कोणी विचारलं का?"

"नाही. ठरवलं तेव्हा नाही विचारलं, मोडलं तेव्हाही नाही. म्हणून मीच आले." मग ती माझ्याकडे वळली. मी तिचा आवाज पहिल्यांदाच ऐकत होतो. "विमानात नाही बसवलं तर नंतर माझ्यावर राग काढशील?"

"नाही."

"विचार करून बोल. तू फार पटकन उडी मारतोस. तुझी मॅच पाहिली आहे मी."

मी विचार केला. खरंच केला. विमान, हिरवं मैदान, दिव्यांत उजळलेलं स्टेडियम, जे मी फक्त कल्पनेत पाहिलं होतं.

"वाईट वाटेल," मी म्हणालो. "तुझ्यावर राग नाही काढणार."

"हे बरं बोललास," ती म्हणाली.

प्रेंकने कप माझ्याकडे सरकवला. मग म्हणाला, "पी."

त्याची बायको कप उचलायला आली. "गार झाली हो. गरम करून आणते."

"राहू दे तिथेच! तेवढ्या वेळात माझं मन बदलेल."

मी ती प्यालो. तळाशी जवाचा नुसता गाळ होता.

लग्न लवकर उरकलं. वडील आले नाहीत. पाहुण्याला दिलेला शब्द त्यांना मोडायचा नव्हता. आईला पाठवलं, आणि स्वतः त्या दिवशी दुकान उघडून कोणाच्या तरी सायकलीचं चाक सरळ करत बसले. पुढे नातू झाला तेव्हा ते आमच्या घरी आले, पण त्या विषयावर कधी बोलले नाहीत. ट्रक आला नाही. का आला नाही, कोणास ठाऊक. आम्ही मात्र कितीतरी महिने इंजिनाचा आवाज आला की जेवता जेवता थांबायचो.

माझं नाव परदेशाच्या यादीतून गेलं. बाहेरचे संघ इथे आले की मला उभं करायचे, आमचा संघ तिकडे जायचा तेव्हा दुसऱ्याला. असंच शेवटपर्यंत चाललं. सीमा उघडल्या तोवर माझे गुडघे गेले होते.

ती पहिली परदेशातली मॅच आम्ही दोघांनी रेडिओवर ऐकली. लग्नाला थोडेच दिवस झाले होते. ती ब्लँकेट शिवत बसली होती. मी रेडिओला कान लावून, आणि चेंडू आमच्या बाजूला आला की माझा खांदा आपोआप हलायचा. उत्तरार्धात आमच्यावर गोल झाला. लांबून मारलेला, खाली, डाव्या कोपऱ्यात. द्रांदेने सुई थांबवली.

"तू असतास तर अडवला असतास?"

मी तो फटका डोळ्यांसमोर आणला. कुठे उभा राहिलो असतो, कधी झेपावलो असतो.

"हो," मी म्हणालो.

मला वाटलं आता ती रडेल, किंवा माफी मागेल. तिने दोरा दाताने तोडला.

"मग उद्या सरावाला जाऊन, ज्याने गोल खाल्ला त्या पोराला शिकव," ती म्हणाली. "पुढच्या वेळी परदेशी तोच उभा राहणार आहे ना?"

मी गेलो. तो पोरगा चांगला होता, फक्त डावीकडे उशिरा झेपावायचा. वर्षभर त्याला रोज डावीकडे चेंडू मारले. पुढे तो माझ्यापेक्षा चांगला गोलकीपर झाला, आणि द्रांदे हे भर मैदानात सगळ्यांना ऐकू जाईल असं सांगायची.